खाडीपंचांग: दोन चंद्रांच्या देशाची कालगणना (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

सातखाडी हा माझ्या गोष्टींतला देश. समोर समुद्र, पाठीला डोंगर, डोक्यावर दोन चंद्र. गोष्टी वाचून लोक पात्रांविषयी विचारतील असं वाटलं होतं. विचारतात ते पंचांगाविषयी. तीच तीच उत्तरं देऊन दमलो, म्हणून इथे एकदाच लिहून ठेवतो.

हे खाडीपंचांग म्हणजे नेमकं काय?

आधी चार आकडे घ्या, पुढचं सगळं त्यांतूनच निघतं. सातखाडीचं सौर वर्ष ३५३.३ दिवसांचं. मोठा चंद्र, म्हणजे थोरली, एका पुनवेपासून दुसऱ्या पुनवेपर्यंत २८.४ दिवस घेते. छोटा चंद्र, म्हणजे धाकटी, ११ दिवसांत पुन्हा पूर्ण होते. आणि दिवस आपल्याइतकाच आहे, कारण तिथेही लहानमोठा केला असता तर मलाच वेड लागलं असतं.

महिना थोरलीवरून धरतात. पाच महिन्यांचे बरोबर १४२ दिवस होतात, म्हणून महिने २८, २९, २८, २९, २८ अशा क्रमाने फिरतात. बारा महिन्यांचे ३४०.८ दिवस होतात आणि वर्षाला साडेबारा दिवस कमी पडतात. या साडेबारा दिवसांवर माझ्या तीन गोष्टी उभ्या आहेत.

तीस तीस दिवसांचे बारा महिने करून मोकळं का झाला नाहीत?

पहिल्या वहीत तसंच केलं होतं. ३६० दिवस, बारा महिने, सहा ऋतू, सगळं सुतात. आठ दिवसांत कंटाळा आला. ज्या पंचांगात काहीच उरत नाही त्यात भांडायला काही नसतं. मग त्या देशात जोशी कशाला, खगोल बघणारे कशाला, आणि राजाने त्यांना पोसायचं कशाला?

आपल्या पृथ्वीवर बाकी उरते. सौर वर्ष ३६५.२४२२ दिवसांचं, अमावास्या ते अमावास्या सरासरी २९.५३०६ दिवस. भागाकार जमत नाही. तो जमवायला माणसांनी काय काय केलं तेच कालगणनेच्या इतिहासात पानोपान भेटतं. इजिप्तमध्ये तीस दिवसांचे बारा महिने करून पाच दिवस वेगळे काढले, पण पाव दिवस सोडून दिला, त्यामुळे त्यांचं वर्ष ऋतूंतून हळूहळू सरकत राहिलं. मायांनी ३६५ दिवसांचं एक आणि २६० दिवसांचं दुसरं अशी दोन चक्रं एकमेकांत अडकवली. ती १८,९८० दिवसांनी, म्हणजे ५२ वर्षांनी, पुन्हा एका दाताला येतात.

सुटसुटीतपणाचा सगळ्यात धाडसी प्रयोग फ्रान्समधला. क्रांतीनंतर १७९३ साली तिथे नवी दिनदर्शिका आली: तीस दिवसांचे बारा महिने, वर्षाच्या शेवटी पाच किंवा सहा सुटे दिवस, आणि दहा दिवसांचा आठवडा. दिवसाचेही दहा तास करून पाहिले. कागदावर देखणं काम होतं. पण सातव्या दिवशी मिळणारी सुट्टी दहाव्या दिवसावर गेली आणि रविवार प्रार्थनेचा की कामाचा हा वाद घराघरांत शिरला. १ जानेवारी १८०६ पासून नेपोलियनने ती बंद केली. महिन्यांना नावं देणारा कवी फाब्र देग्लांतीन तोवर उरला नव्हता, १७९४ सालीच त्याचा गिलोटिनवर शिरच्छेद झाला होता. नावांमुळे नव्हे, पैशांच्या भानगडीत.

दोन चंद्रांचा हिशेब कसा बसवलात? दोन्ही एकाच वेळी पूर्ण दिसतात का?

हा माझा लाडका भाग आहे, तेव्हा जरा थांबून सांगतो.

थोरलीचे बारा महिने म्हणजे ३४०.८ दिवस. धाकटीच्या ३१ फेऱ्या म्हणजे ३४१ दिवस. फरक फक्त ०.२ दिवसाचा. याचा अर्थ आज दोघी एकदम पूर्ण असतील तर बारा महिन्यांनीही जवळजवळ एकदम पूर्ण असतील. सातखाडीत हिला 'जोडपुनव' म्हणतात. दोन पुनवांत अर्ध्या दिवसापेक्षा कमी अंतर असेल तरच ती जोडपुनव, असा नियम आहे.

आता गंमत. दर खेपेला ०.२ दिवसाची घसरण होते. त्यामुळे बारा-बारा महिन्यांच्या अंतराने सलग पाच जोडपुनवा येतात आणि सहावी चुकते. पण पाचवीनंतर सातव्याच महिन्यात एक जोडपुनव अवचित येते, कारण थोरलीचे सात महिने १९८.८ दिवसांचे आणि धाकटीच्या १८ फेऱ्या १९८ दिवसांच्या. तिथून नवी पाचाची माळ सुरू होते. बारा, बारा, बारा, बारा, सात. एकूण ५५ महिने, बरोबर १५६२ दिवस, धाकटीच्या १४२ फेऱ्या.

हे मी ठरवलं नव्हतं. आकडे घेतले, वहीत गुणाकार करत बसलो आणि रात्री साडेअकराला ती सातव्या महिन्यातली पुनव कागदावर उगवली. तिलाच 'अवचितपुनव' म्हणतात. जोडपुनवेला दोन्ही चंद्र मिळून पाणी ओढतात, त्यामुळे उधाण भयंकर. कोकणातला कुणीही सांगेल की पुनवेला आणि अवसेला उधाणाची भरती, अष्टमीच्या आसपास भांग. तिथे एकच चंद्र असून बांध फुटतात. सातखाडीत ज्याला मोजता येतं तो बारा महिन्यांचं पाठ असलेल्यांपेक्षा शहाणा ठरतो, कारण अवचितपुनवेला होड्या वर ओढून ठेवणारा तोच एक असतो.

नव्या लेखकांकडून इथे एक चूक हमखास होते: आकाशात दोन चंद्र टांगायचे आणि दोघांना एकाच चालीने चालवायचं. जवळचा उपग्रह लवकर फिरतो, लांबचा सावकाश. मंगळाचा फोबोस इतका जवळ आहे की ७ तास ३९ मिनिटांत प्रदक्षिणा संपवतो, मंगळाच्या दिवसापेक्षा कितीतरी लवकर. म्हणून तिथून पाहिलं तर तो पश्चिमेला उगवतो आणि पूर्वेला मावळतो. खरं आकाश आपल्या कल्पनेपेक्षा जास्त वाह्यात असतं.

उसना महिना म्हणजे काय?

वर्षाला कमी पडणारे साडेबारा दिवस साठत गेले की एक महिना घालावा लागतो. तो 'उसना'. आपल्याकडचा अधिक मास. आपल्याकडे बारा चांद्र महिन्यांचे सुमारे ३५४ दिवस होतात, वर्षाला अकराच्या आत-बाहेर दिवस तुटतात, म्हणून साधारण साडेबत्तीस महिन्यांनी अधिक मास येतो. ज्या चांद्र महिन्यात सूर्याची संक्रांत, म्हणजे नव्या राशीत प्रवेश, होत नाही तो अधिक. उलट एका महिन्यात दोन संक्रांती आल्या तर क्षय मास, पण तो फार दुर्मीळ. १९८२-८३ साली आला होता.

सातखाडीत राशी नाहीत, सुळका आहे. उत्तरेकडे सरकणारा सूर्य ज्या सकाळी कोळीणसुळक्यामागून उगवतो तो दिवस वळीव महिन्यातच पडला पाहिजे. वळीव संपला आणि सूर्य अजून सुळक्याला टेकला नाही, तर पुढचा महिना उसना.

नाव उसनं का, हे पुष्कळ जण विचारतात. कारण तो कुणाचाच नाही. आपल्या धोंड्याच्या महिन्यात लग्न-मुंज बंद, पण जावयाची चैन, तेहतीस अनारसे ताटात. सातखाडीत जावयाचं भाग्य तेवढं थोर नाही. तिथे प्रश्न मजुरीचा. सालगड्याचा करार वळीव ते वळीव असतो. उसना आला की गडी तेरा महिने राबतो आणि पैसे बाराच महिन्यांचे. आपल्याकडेही सालगड्याचं साल पाडव्याला पालटतं. अधिक मासाच्या वर्षी तो तेरावा महिना कुणाच्या पदरात पडतो, असा प्रश्न लहानपणी आमच्या ओटीवर ऐकला होता. उत्तर देण्याऐवजी मोठ्या माणसांनी विषय बदलला. उसना महिना त्या ओटीवर जन्मला.

ज्याच्या हातात जादा महिना घालण्याचा अधिकार तो माणूस श्रीमंत. हे रोमनांना चांगलं माहीत होतं. तिथे जादा महिना कधी घालायचा ते पुरोहितमंडळ ठरवी, आणि मर्जीतल्या अधिकाऱ्याची मुदत वाढवायला किंवा नावडत्याची कापायला त्याचा उपयोग होई. शेवटी घोळ इतका वाढला की ज्युलियस सीझरने इ.स.पू. ४६ हे वर्ष तब्बल ४४५ दिवसांचं करून गाडी रुळावर आणली. दुसऱ्या टोकाला हिजरी सन आहे, तिथे जादा महिना नाहीच, त्यामुळे सुमारे ३३ सौर वर्षांत ३४ चांद्र वर्षं होतात. पीक तेहतीस वेळा येणार आणि सारा चौतीस वेळा मागणार, हे कुणब्याला परवडणारं नव्हतं. म्हणून महसुलासाठी वेगळे सौर सन काढावे लागले. फसली सन त्यातलाच.

पंचवीस वर्षांनी सगळं जुळतं म्हणता. मग सातखाडीत दोन पंचांगं का?

कारण *जवळजवळ* जुळतं.

सातखाडीची २५ वर्षं म्हणजे ८८३२.५ दिवस. ३११ महिने, म्हणजे तीनशे नेहमीचे आणि अकरा उसने, ८८३२.४ दिवस. पंचवीस वर्षांत ०.१ दिवसाची चूक. आपल्याकडे १९ वर्षांत २३५ चांद्र महिने बसतात, तसाच हा मेळ. पहिल्या जोशांनी अकरा उसन्यांचा एक तक्ता दगडावर कोरला आणि सांगितलं की आता सुळका बघायला पहाटे उठायची गरज नाही.

०.१ दिवस म्हणजे किती? अडीचशे वर्षांत एक दिवस. कुणाला कळणार? माझ्या गोष्टी घडतात तेव्हा तक्त्याला साडेसतराशे वर्षं झाली आहेत. चूक सात दिवस. तरीही वाटतं, सात दिवसांनी काय बिघडतं? पण चांद्र पंचांगात सात दिवसांची चूक सात दिवसांची राहत नाही. महिना आकाशातल्या थोरलीला बांधलेला, तो सात दिवस सरकवता येत नाही. त्या चुकीने बिघडतो तो उसना कधी घालायचा याचा निर्णय. ज्या वर्षी सूर्य वळीव संपल्यावर दोन दिवसांनी सुळक्याला टेकतो, त्या वर्षी डोळ्याने बघणारा म्हणतो उसना घाला, आणि दगडी तक्ता म्हणतो नको. झालं. दोन पंचांगांत अख्ख्या महिन्याचा फरक. पंचवीस वर्षांतली सुमारे सहा वर्षं असं होतं. खाडीकाठचे 'तक्तेवाले' आवणीचा सण करतात तेव्हा डोंगरातल्या 'सुळकेवाल्यां'कडे अजून पेराच चालू असतो. मग दोन्हीकडच्या घरांत सोयरीक झालेली मुलगी माहेरी नेमकी कधी जाणार?

रत्नागिरी-सिंधुदुर्गातले वाचक इथे हसतात. त्यांना हे सांगावं लागत नाही. टिळक पंचांग आणि इतर पंचांगं यांत राशीचक्राचा आरंभ कुठे धरायचा यावरून सुमारे चार अंशांचा फरक आहे. त्यामुळे टिळक पंचांगाची मकरसंक्रांत १० जानेवारीला येते. चारच दिवस. पण एखाद्या वर्षी त्या चार दिवसांपायी अधिक मास वेगळा पडतो, आणि काही घरांत गणपती बसून विसर्जन झालेलं असतं तेव्हा शेजारच्या घरात पाट रंगवायला घेतलेला असतो. टिळकांचा आग्रह होता की गणित आकाशाशी जुळलं पाहिजे. गणिती केरोपंत छत्र्यांनी तो वाद त्यांच्या आधीच सुरू केला होता. खाडीपंचांगातलं हे भांडण मी कुठून उचललं हे लपवण्यात अर्थ नाही.

युरोपातली चूक वेगळ्या तऱ्हेची होती. तिथलं वर्ष शुद्ध सौर, त्यामुळे चूक दिवसांचीच राहिली. जुलियन वर्ष खऱ्या वर्षापेक्षा सुमारे ११ मिनिटांनी मोठं, १२८ वर्षांत एक दिवस. १५८२ साली पोप तेरावा ग्रेगरी याने ४ ऑक्टोबरच्या दुसऱ्या दिवशी १५ ऑक्टोबर आणला. कॅथलिक देशांनी लवकर मान्य केलं, प्रोटेस्टंट इंग्लंड अडून बसलं. १७५२ साली तिथे २ सप्टेंबरनंतर १४ सप्टेंबर उजाडला. 'आमचे अकरा दिवस परत द्या' म्हणून लोकांनी दंगली केल्या ही कथा रंगतदार आहे, पण बहुतेक इतिहासकार ती खरी मानत नाहीत. खरी खूण वेगळीकडे आहे: ब्रिटनचं करवर्ष आजही ६ एप्रिलला सुरू होतं, आणि त्याची मुळं त्या अकरा दिवसांपर्यंत जातात. वसुलीचे दिवस कुणी सोडत नाही.

स्वीडनने तर दिवस एकदम गाळण्याऐवजी हळूहळू गाळायचं ठरवलं, मध्येच विसरले, मग परत जुन्यावर जायला १७१२ साली ३० फेब्रुवारी ही तारीख काढली. हे मी गोष्टीत लिहिलं असतं तर तुम्ही म्हणाला असतात, काहीही लिहितो.

महिन्यांची नावं चैत्र, वैशाख अशी का नाहीत?

चैत्र म्हणजे ज्या महिन्यात पुनवेचा चंद्र चित्रा नक्षत्राजवळ असतो तो. चित्रा हा आपल्या आकाशातला तारा. सातखाडीच्या आकाशात तो नाही, तर चैत्र कुठून आणू? जुलै-ऑगस्टही नाहीत, तिथे ना ज्युलियस झाला ना ऑगस्टस.

म्हणून नावं कामावरून आणि हवेवरून घेतली: वळीव, पेरा, आवणी, बेणणी, पोटरी, लोंबी, कापणी, झोडणी, दहिवर, गारठा, मोहर, फुफाटा. यातलं एकही मी बनवलेलं नाही, भात लावणाऱ्या कुठल्याही घरात सापडतील. खाडीकाठच्या लोकांना मात्र ही नावं पटत नाहीत. त्यांच्या मते त्यांना शेतकऱ्यांनी आपले महिने चिकटवले. बरोबरच आहे त्यांचं. फ्रेंच क्रांतीचे धुक्याचे आणि बर्फाचे महिने पॅरिसच्या हवेवर बेतलेले होते, आणि बर्फ कधी न पाहिलेल्या वसाहतींतही तेच.

तुमच्या गोष्टींत वार का नाहीत?

आहेत, फक्त सोमवार-मंगळवार नाहीत. वारांच्या नावांमागे अख्खं जुनं खगोल आहे. शनी, गुरू, मंगळ, रवी, शुक्र, बुध, चंद्र या क्रमाने एकेक होरा, म्हणजे तास, एकेका ग्रहाचा. पहिला तास रवीचा असेल तर चोवीस तासांनी, सातने भागून तीन उरतात म्हणून, तीन घरं पुढे चंद्राचा पहिला तास येतो. म्हणून रविवारनंतर सोमवार. पात्राच्या तोंडी 'मंगळवार' घातलात की त्या जगात मंगळ हवा, आणि सात ग्रह, आणि दिवसाचे चोवीस भाग.

आमच्याकडे धाकटीची ११ दिवसांची फेरी हाच आठवडा. सात खाड्यांचे सात बाजार, त्यांचे सात दिवस. उरलेले दोन दिवस धाकटी दिसत नाही तेव्हाचे, 'दडीचे'. आणखी दोन ती पूर्ण असते तेव्हाचे, 'उधाणाचे', तेव्हा होडी बाजाराला जात नाही. म्हणून 'भेट कधी?' याचं उत्तर 'धामखाडीला' असं येतं. गावाचं नाव तोच वार. यात नवल काही नाही. नायजेरियातल्या इग्बो लोकांचा बाजाराचा आठवडा चार दिवसांचा आहे, जुन्या रोममध्ये बाजार आठव्या दिवशी भरे. आपणही आठवड्याला 'आठ'वडा म्हणतो आणि दिवस सातच मोजतो, कारण या बाजारापासून त्या बाजारापर्यंत दोन्ही टोकं धरली की आठ होतात.

आठवडा मोडायला जाऊ नये, एवढं मात्र इतिहास पाहून पटतं. सोव्हिएत संघाने १९२९ साली पाच दिवसांचा आठवडा आणला, कामगारांचे पाच गट केले, प्रत्येकाचा सुट्टीचा दिवस वेगळा. यंत्रं कधी थांबेनात. नवऱ्याची सुट्टी एका दिवशी, बायकोची दुसऱ्या. पुढे सहा दिवसांचा करून पाहिला आणि १९४० साली मुकाट्याने सातावर आले.

दिवस कधी सुरू होतो?

खाडीकाठच्यांचा ओहोटी पूर्ण झाली की. शेतकऱ्यांचा सूर्योदयाला. होय, यावरूनही भांडण आहे, पण त्यावर अजून गोष्ट लिहिलेली नाही.

सन कुठून मोजता? एकच सन का नाही?

एकच सन असलेला देश मला ठाऊक नाही. आपल्याच घरात बघा. भिंतीवर इसवी सन, पूजेच्या संकल्पात शालिवाहन शक, गुजराती शेजाऱ्याचं विक्रम संवत कार्तिकात पालटणारं. सरकारने मेघनाद साहा यांच्या समितीचं ऐकून २२ मार्च १९५७ पासून भारतीय सौर दिनांक सुरू केला. आकाशवाणीवर तो वर्षानुवर्षं ऐकला, राजपत्रावर वाचला, पण त्या दिनांकाने कुणाचा वाढदिवस झालेला मी पाहिलेला नाही.

मोडी कागद वाचणाऱ्यांना शुहूर सन भेटतो. तो मृग नक्षत्रावर पालटे, म्हणून त्याला मृगसालही म्हणत. आकडे अरबी शब्दांत आणि एककापासून: 'तिसा अर्बैन मया व अलफ', म्हणजे नऊ, चाळीस, शंभर आणि हजार, ११४९. त्यात ५९९ मिळवले की १७४८. वर्षातल्या शेवटच्या महिन्यांना ६०० मिळवायचे. आणि त्याच मराठी मुलखात शिवाजी महाराजांनी ६ जून १६७४ रोजी, ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीला, राज्याभिषेक शक सुरू केला. स्वतःचा सन चालू करणं म्हणजे काळावर आपलं नाव घालणं. नाणं पाडण्यापेक्षा ते मोठं.

म्हणून सातखाडीत 'बुडीत सन' आहे, थोरल्या बुडितापासून मोजलेला, कोळ्यांचा. आणि 'गादी सन' आहे, राजा बदलला की पुन्हा एकपासून. जुन्या कागदावर 'गादी सन ४' एवढंच असेल तर कोणत्या राजाचं चौथं वर्ष ते शाईवरून ओळखावं लागतं. माझ्या दुसऱ्या गोष्टीत जमिनीचा दावा यावरच अडतो.

एवढं गणित तिथल्या साध्या माणसाला कळतं का?

नाही, आणि आपल्यालाही कुठे कळतं? गावोगावचा जोशी हक्काचा वतनदार होता, तो सांगे आज तिथी कोणती. आता दिनदर्शिका सांगते. जन्माष्टमी आपण श्रावण वद्य अष्टमीला करतो आणि उत्तरेत तोच दिवस भाद्रपद कृष्ण अष्टमी असतो, कारण त्यांचा महिना पुनवेला संपतो, आपला अवसेला. दिवस एकच, महिन्याचं नाव निराळं. किती जणांना माहीत असतं? माझ्या पात्रांनाही नाही. म्हातारी धोंडाक्का फक्त एवढं सांगते, 'उसना आला की मीठ भरून ठेव.' का, असं तिला विचाराल तर ती तुमच्याकडेच बघत राहील.

वाचकाला हे सगळं आधी समजावून द्यावं का?

मुळीच देऊ नका. पहिल्या गोष्टीच्या सुरुवातीला मी दीड पानाचं कोष्टक टाकलं होतं. एका मैत्रिणीने वाचून विचारलं, 'हे रेल्वेचं आहे का?' कोष्टक काढलं. आता पहिल्या पानावर एवढंच आहे की गडी हिशेब मागायला आला आणि मालक म्हणाला, 'हा महिना उसना रे.' पुढचं वाचक आपोआप मोजतो.

माझ्या जगाचं पंचांग करायचं आहे. सुरुवात कुठून करू?

कुणाला तारीख हवी आहे, तिथून. सारा वसूल करणाऱ्याला, पेरणाऱ्याला, होडी घालणाऱ्याला, की पूजा सांगणाऱ्याला? चौघांना वेगवेगळं मोजायचं असतं. मग वर्ष आणि चंद्राचे आकडे घ्या, मुद्दाम न भागले जाणारे. एक्सेलमध्ये रकाने करा: दिवस क्रमांक, त्याला चंद्राच्या आवर्तनाने भागून येणारी बाकी, वर्षाने भागून येणारी बाकी. हजार-दोन हजार ओळी खाली ओढा आणि बाक्या शून्याजवळ कुठे कुठे येतात ते बघा. तिथे काहीतरी घडतं. माझी अवचितपुनव तशीच सापडली. महिन्यांची नावं आणि सणांची चित्रं शेवटी. बहुतेक जण तिथून सुरू करतात आणि तिसऱ्या सणाला थकतात.

एक खबरदारी घ्या. गोष्ट छापल्यावर आकडे बदलू नका. मी धाकटीची फेरी एकदा ११ वरून ११.०३ केली, खरंखुरं वाटावं म्हणून. पंचावन्न महिन्यांची माळ तुटली आणि आधीच्या गोष्टीतलं एक वादळ चुकीच्या रात्री आलं. निमूटपणे परत ११ केली.

उसन्या महिन्यात जन्मलेल्याचं वय कसं मोजतात?

आपल्याकडे अधिक मासात जन्म झाला तर वाढदिवस पुढे त्याच नावाच्या नेहमीच्या महिन्यात धरतात. अधिक श्रावणात जन्मलेल्याचा श्रावणात. सातखाडीच्या उसन्याला स्वतःचं नाव नाही, त्यामुळे ती सोय नाही. तिथे उसनकरांचं वय उसन्यावर मोजतात, आणि पंचवीस वर्षांत अकरा उसने. सव्वीस उन्हाळे पाहिलेली उसनी बाई कागदावर अकरा-बारा वर्षांची असते. तिला जमीन विकता येत नाही, साक्ष देता येत नाही, आणि तिच्यावर कर्जही चढत नाही. सध्या लिहितो आहे ती गोष्ट तिचीच. सावकाराने तिला कर्ज दिलेलं आहे.